माकूल आणि त्याचें शास्त्रीय नांव

दादरच्या मासळीबाजारांत संध्याकाळीं पाटीसमोर उभ्या असलेल्या एखाद्या गृहिणीनें "मावशी, हें काय?" असें विचारलें, तर कोळीण हातांतील सुरी न थांबवितां सांगते, "माकूल हाय ताई. साफ करून देऊं?" तीच वस्तु लालबागच्या चाळींत गेली म्हणजे मालवणकडील आजीच्या तोंडीं म्हाकूल होते. गिरगांवांत स्थायिक झालेलें गोमंतकाकडील कुटुंब तिला माणकी म्हणतें. आणि घरांतला कॉलेजांत जाणारा मुलगा हॉटेलच्या पत्रकांत वाचलेलें 'कलमारी' हें नांव सांगून सर्वांना गप्प करूं पाहतो. चौघांनीं चार नांवें घेतलीं, पण ताटांतला पदार्थ एकच. इतक्यांत कोणी तरी विचारतें, "पण ह्याचें शास्त्रीय नांव काय?" आणि मग बहुधा कोणालाच उत्तर देतां येत नाहीं.

एका प्राण्याला इतकीं नांवें असावींत, हा मुंबईचा दोष नव्हे. तो तिच्या घडणीचा इतिहास आहे. १८५४ सालीं मुंबईंत पहिल्या कापडगिरणीची उभारणी सुरू झाली, आणि पुढील कांहीं दशकांत परळ, लालबाग, भायखळा हा भाग गिरण्यांच्या धुराड्यांनीं भरून गेला. ह्या गिरण्यांत काम करण्यासाठीं रत्नागिरी, मालवण, सावंतवाडीकडील माणसें आलीं, आणि त्यांच्या वळकटीबरोबर त्यांची बोली व त्यांच्या तोंडची चवही आली. वरळी, माहीम, कुलाबा येथील कोळीवाड्यांची बोली त्याआधींपासून येथें नांदत होतीच. कारवार-मंगळूरकडील घरांत ह्याच प्राण्याला बोंडास म्हणतात. केरळांत त्याला कूंतल म्हणतात. प्रत्येक नांव आपापल्या किनाऱ्यावर पूर्ण आहे. अडचण पडते ती दोन किनाऱ्यांवरचीं माणसें एका पाटीपुढें उभीं राहिलीं म्हणजे.

दुसरी अडचण याहून खोल आहे. एका प्राण्याला जशीं अनेक नांवें असतात, तसेच एका नांवाखालीं अनेक प्राणीही दडलेले असतात. बाजारांत 'माकूल' म्हणून जें मिळतें त्यांत निदान दोन निराळ्या कुळांचे प्राणी असतात. एक लांबट, नळीसारखा, मागच्या टोंकाला बाणाच्या पात्यासारखे दोन पर असलेला. इंग्रजींत त्याला स्क्विड म्हणतात. दुसरा रुंद, चपटा, अंगाच्या दोन्ही कडांनीं झालरीसारखा पर असलेला, तो कटलफिश. खरें पाहतां दोघेही मासे नव्हेत. शंख, शिंपले आणि गोगलगाई ज्या मृदुकाय प्राण्यांच्या वर्गांत मोडतात, त्यांतच हे दोघे मोडतात. दोघांनाही आठ आंखूड बाहु आणि भक्ष्य पकडण्यासाठीं दोन लांब शुंडा असतात. दोघांनाही तीन हृदयें असतात, आणि रक्तांत लोहाऐवजीं तांब्याचा अंश असल्यामुळें दोघांचेंही रक्त निळसर असतें. संकट आलें म्हणजे दोघेही शाई सोडून तिच्या आडून पळ काढतात.

ह्या दोघांतील भेद कोळिणीच्या सुरीखालीं उघडा पडतो. कटलफिशच्या पाठींतून पांढरें, हलकें, खडूसारखें हाड निघतें. हें हाड मराठी घरांना अपरिचित नाहीं. समुद्रकिनाऱ्यावर वाहून आलेलें तेंच 'समुद्रफेन' म्हणून वैद्याच्या पुडींत येतें, आणि पोपटाच्या पिंजऱ्यांत चोंच घासण्यासाठीं अडकविलेलें असतें तेंही तेंच. स्क्विडच्या पाठींतून मात्र खडू निघत नाहीं. निघतें तें पातळ, पारदर्शक, पिसाच्या आकाराचें एक पातें. तें पाहून जुन्या काळच्या पिसाच्या लेखणीची आठवण व्हावी. शरीरांत लेखणी आणि शाई दोन्ही बाळगणाऱ्या ह्या प्राण्याला इटलींतील लोकांनीं लेखणीच्या पेटीवरूनच नांव दिलें. लॅटिनमध्यें 'कलामुस' म्हणजे बोरू. त्यावरून बोरूच्या पेटीचें नांव, आणि त्यावरून 'कलमारी'. हा 'कलामुस' मूळचा ग्रीक 'कालामोस'. तोच अरबी आणि फारसी मार्गानें मराठींत येऊन 'कलम' झाला. तेव्हां कलमदान आणि कलमारी हे शब्द एकमेकांचे चुलतभाऊ ठरतात. हॉटेलच्या पत्रकांतील नांव कितीही परकें वाटलें, तरी त्याचें भावंड पेशव्यांच्या दप्तरांत पूर्वींपासून बसलेलें आहे.

लोकांचीं नांवें अशीं रसाळ असतात, पण तीं सीमेपलीकडे चालत नाहींत. ह्या अडचणींतून मार्ग काढण्यासाठीं स्वीडनमधील निसर्गशास्त्रज्ञ कार्ल लिनीयस यानें दोन शब्दांच्या नांवांची पद्धति रूढ केली. त्याच्या ग्रंथाच्या १७५८ सालच्या दहाव्या आवृत्तीपासून प्राण्यांच्या शास्त्रीय नांवांचा कायदा सुरू होतो, असें सर्व देशांतील शास्त्रज्ञ मानतात. ह्या नांवांतील पहिला शब्द प्रजातीचा आणि दुसरा त्या प्रजातींतील विशिष्ट जातीचा असतो. घरगुती भाषेंत सांगावयाचें तर पहिला शब्द म्हणजे आडनांव आणि दुसरा म्हणजे पाळण्यांतलें नांव. मात्र येथें आडनांव आधीं घ्यावयाचें. नांवें बहुधा ग्रीक किंवा लॅटिन शब्दांपासून घडविलेलीं असतात, किंवा निदान त्यांना लॅटिनचा पेहराव चढविलेला असतो. आतां हा पेहराव काढून आंत पाहिलें, तर प्रत्येक नांवाला कांहीं अर्थ असतो काय, आणि असल्यास तो खरा असतो काय, हा खरा मौजेचा प्रश्न आहे. माकुलांच्या नांवांतच त्याचें उत्तर तीन प्रकारांनीं मिळतें.

पहिला प्रकार वर्णन करणाऱ्या नांवांचा. दक्षिण ध्रुवाभोवतीं गोठविणाऱ्या पाण्यांत एक माकूल राहतो. त्याचें शास्त्रीय नांव 'सायक्रोट्यूथिस ग्लेसियालिस'. १९०१ ते १९०३ ह्या काळांत एरिख फॉन ड्रिगाल्स्की याच्या नेतृत्वाखालीं 'गाउस' नांवाच्या जहाजांतून एक जर्मन मोहीम दक्षिण ध्रुवाकडे गेली होती. तिनें आणलेल्या संग्रहाचा अभ्यास करून योहान्नेस थीले ह्या प्राणिशास्त्रज्ञानें १९२० सालीं हें नांव प्रसिद्ध केलें. नांव प्रथम ऐकतांच सुशिक्षित मनुष्याला 'सायकॉलॉजी' आठवते, आणि हा कोणी मनोविकारग्रस्त माकूल असावा असें वाटतें. परंतु येथें एका रकारानें अर्थ पालटतो. मनाशीं संबंध असलेला ग्रीक शब्द निराळा. येथील शब्द 'सायक्रोस', आणि त्याचा अर्थ थंड. हवेंतील ओलावा मोजण्यासाठीं वेधशाळेंत दोन तापमापक शेजारीं शेजारीं ठेवतात, एकाचा फुगा कोरडा आणि दुसऱ्याचा ओल्या फडक्यानें गुंडाळलेला. ओला फुगा जितका थंड होईल त्यावरून ओलाव्याचा हिशोब करतात, आणि म्हणून त्या यंत्राला सायक्रोमीटर म्हणतात. १८२६ सालीं स्थापन झालेल्या कुलाब्याच्या वेधशाळेमुळें मुंबई शहराची अशा मोजमापांशीं ओळख फार जुनी आहे. शब्द तोच, काम निराळें.

नांवाचा दुसरा तुकडा 'ट्यूथिस'. हा माकुलाला असलेला जुना ग्रीक शब्द असून ॲरिस्टॉटलच्या प्राणिविषयक ग्रंथांत तो आढळतो. म्हणजे सायक्रोट्यूथिस हा 'थंडीचा माकूल'. त्यापुढील 'ग्लेसियालिस' हा शब्द लॅटिन. त्याचा अर्थ बर्फाचा, हिमाचा. हिमनदीला असलेला 'ग्लेशियर' हा इंग्रजी शब्द त्याच घराण्यांतला. एकूण नांव झालें 'बर्फाळ, थंडीचा माकूल'. नांव देणाऱ्यानें थंडी दोनदां सांगितली, पण खोटी सांगितली नाहीं. समुद्राचें खारें पाणी शून्याच्याही खालीं, सुमारें उणे १.९ अंश सेल्सियसला गोठतें, आणि हा माकूल त्या गोठण्याच्या सीमेजवळच्या पाण्यांत वावरतो. तेथील वेडेल सील आणि सम्राट पेंग्विन त्याला खाऊन राहतात. ह्या भक्षकांच्या पोटांत मऊ शरीर विरघळून गेलें, तरी माकुलाची पोपटासारखी कठीण चोंच शिल्लक राहते, आणि त्या चोंचीवरून कोणता माकूल खाल्ला गेला हें शास्त्रज्ञ ओळखतात. ज्या समुद्रांत जाळें टाकणें कठीण, तेथें पेंग्विनच शास्त्रज्ञांचे कोळी झाले, असें म्हटल्यास वावगें होणार नाहीं. भारताचा ह्या समुद्राशीं प्रत्यक्ष परिचय झाला तो १९८१ च्या डिसेंबरांत गोव्याहून निघालेल्या पहिल्या भारतीय मोहिमेनें, डॉ. एस. झेड. कासिम हे तिचे नेते होते.

दुसरा प्रकार स्मारकरूप नांवांचा, आणि त्याचें उदाहरण दादरच्या पाटींतच आहे. मुंबईच्या बाजारांत येणारा नेहमींचा स्क्विड, ज्याला इंग्रजींत 'इंडियन स्क्विड' म्हणतात, त्याला फ्रेंच शास्त्रज्ञ अल्सीद दॉर्बिन्यी यानें १८३५ सालीं 'लोलिगो द्यूवोसेली' असें नांव दिलें. लोलिगो हा माकुलाला असलेला रोमन लोकांचा शब्द. परंतु 'द्यूवोसेली' ह्या शब्दांत समुद्र नाहीं, रंग नाहीं, आकार नाहीं आणि हवामानही नाहीं. तो आहे केवळ एका माणसाच्या नांवाला लावलेला लॅटिन षष्ठीचा प्रत्यय. मराठींत जें काम 'चा' हा प्रत्यय करतो, तेंच येथें शेवटचा ईकार करतो. अर्थ एवढाच कीं हा 'द्यूवोसेलचा माकूल'.

हा आल्फ्रेड द्यूवोसेल कोण? त्याचा जन्म १७९३ सालचा. पॅरिस येथील विख्यात प्राणिशास्त्रज्ञ झॉर्ज कुव्हिये याचा तो सावत्र मुलगा. १८१८ सालीं तो कलकत्त्यास आला, आणि दियार नांवाच्या सोबत्याबरोबर त्यानें चंद्रनगरच्या फ्रेंच वसाहतींत ठाणें दिलें. तेथून त्यानें पशु, पक्षी, सांगाडे आणि कातडीं जमवून पॅरिसच्या संग्रहालयाकडे रवाना करण्याचा सपाटा लावला. कांहीं काळ सर स्टॅम्फर्ड रॅफल्स याच्या आश्रयानें तो सुमात्राकडेही हिंडला. १८२४ सालीं मद्रास येथें त्याचा अंत झाला. तेव्हां त्याचें वय अवघें एकतीस वर्षांचें होतें. त्याच्या मृत्यूच्या आदल्याच वर्षीं कुव्हियेनें हिंदुस्थानांतील एका हरणाला त्याचें नांव दिलें होतें. तें हरीण म्हणजे बारशिंगा. आज कान्हाच्या अरण्यांत पर्यटक ज्याला पाहण्यासाठीं धांव घेतात, तो गवताळ रानांतला डौलदार बारशिंगा आणि लालबागच्या तव्यावर तडतडणारा माकूल ह्या दोघांच्याही शास्त्रीय नांवांचें दुसरें पद एकच आहे. दोघांमध्यें शरीराचें साम्य कांहींही नाहीं. दोघांना जोडणारा धागा म्हणजे ऐन तारुण्यांत परदेशीं मरण पावलेला एक संग्राहक. अशा नांवाचा अर्थ प्राण्याच्या अंगावर शोधूं नये. तो इतिहासांत शोधावा.

तिसरा प्रकार चकविणाऱ्या नांवांचा. खोल समुद्रांतील काळोखांत राहणाऱ्या एका तांबूस-काळ्या प्राण्याला कार्ल खून ह्या जर्मन शास्त्रज्ञानें १९०३ सालीं 'व्हँपायरोट्यूथिस इन्फर्नालिस' असें नांव दिलें. त्याचा शब्दशः अर्थ 'नरकांतील रक्तपिपासू माकूल'. नांव ऐकून अंगावर कांटा यावा. परंतु हा प्राणी रक्त पीत नाहीं, आणि काटेकोर वर्गीकरणांत तो माकूलही नाहीं. वरच्या पाण्यांतून बर्फासारखे खालीं झरणारे मृत जीवांचे कण गोळा करून तो पोट भरतो, असें २०१२ सालीं प्रसिद्ध झालेल्या संशोधनानें दाखविलें. मग नांव बदलावें काय? नियम सांगतो, नाहीं. केवळ अर्थ जुळत नाहीं म्हणून शास्त्रीय नांव रद्द करतां येत नाहीं. 'भीमराव' नांवाचा गृहस्थ किरकोळ अंगाचा निघाला म्हणून कोणी त्याचें बारसें पुन्हां करीत नाहींत, तसाच हा न्याय. शास्त्रीय नांवाचें मुख्य काम वर्णन करण्याचें नसून ओळख पटविण्याचें आहे. अर्थ जुळला तर तो लाभ. न जुळला तरी नांवाचें काम अडत नाहीं.

नांवाचा अर्थ असा ढिला असला, तरी त्याचा वापर मात्र कडक नियमांनीं बांधलेला असतो. रोमन लिपींत छापतांना प्रजातीचें पहिलें अक्षर मोठें आणि जातीचें लहान, आणि दोन्ही शब्द तिरप्या टाइपांत, असा संकेत आहे. नांवानंतर तें देणाऱ्याचें आडनांव आणि सन देतात. मुंबईच्या माकुलाचें आजचें पूर्ण नांव असें लिहितात: 'यूरोट्यूथिस (फोटोलोलिगो) द्यूवोसेली (दॉर्बिन्यी, १८३५)'. ह्यांत कंस दोन ठिकाणीं आले आहेत आणि दोन्ही ठिकाणीं त्यांचें काम निराळें आहे. पहिल्या कंसांतील शब्द उपप्रजातीचा, म्हणजे मोठ्या घराण्यांतील एका शाखेचा. दुसरा कंस सांगतो कीं दॉर्बिन्यीनें नांव दिलें तेव्हां ही जाति दुसऱ्या प्रजातींत होती आणि नंतर ती येथें आणली गेली. तो कंस म्हणजे जणुं दत्तकविधानाची नोंद. मूळचें 'लोलिगो' हें आडनांव गेलें, पण पाळण्यांतलें नांव कायम राहिलें. सायक्रोट्यूथिस ग्लेसियालिसच्या पुढें मात्र थीलेचें नांव कंसावांचून येतें. कारण ती जाति थीलेनें ज्या प्रजातींत ठेवली, तींतच आजही आहे.

हें स्थलांतर हौसेनें झालेलें नाहीं. पूर्व गोलार्धाच्या उष्ण समुद्रांतील कांहीं माकुलांच्या शाईच्या पिशवीवर दोन प्रकाशेंद्रियें असतात. युरोपांतील मूळच्या लोलिगोंत तीं नसतात. ह्या भेदावरून १९८४ सालीं नात्सुकारी ह्या जपानी शास्त्रज्ञानें 'फोटोलोलिगो' ही शाखा निराळी काढली. 'फोटो' म्हणजे प्रकाश. 'यूरोट्यूथिस' ह्या प्रजातीचें नांव हॅरल्ड रेडर यानें १९४५ सालीं दिलें, आणि त्याचा अर्थ 'शेपटीचा माकूल'. ती शेपटी ज्या जातीवरून प्रजातीची स्थापना झाली तिची. मुंबईच्या माकुलाला त्या शेपटीचा वांटा मिळालेला नाहीं, तरी आडनांव मिळालें आहे.

एक बारीक वाद अक्षराचाही आहे. विसाव्या शतकांतील अनेक भारतीय लेखांत ह्या माकुलाच्या नांवाच्या शेवटीं 'आय' हें अक्षर एकदांच छापलेलें दिसतें. आज तें दोनदां छापतात. 'द्यूवोसेल' ह्या नांवाला सरळ प्रत्यय लावला तर एक 'आय' येतो. आधीं त्या नांवाचें 'द्यूवोसेलियुस' असें लॅटिन रूप करून मग प्रत्यय लावला तर दोन येतात. दोन्ही रीती व्याकरणाला मान्य आहेत. निर्णय होतो तो पहिल्या लेखकानें काय छापलें ह्यावर, आणि तेंच पुढच्या सर्वांना बंधनकारक असतें. देवनागरींत मात्र हा भेद ऐकूंही येत नाहीं आणि दिसतही नाहीं. आपल्या लिपींत लहान-मोठीं अक्षरें नसल्यामुळें प्रजाति कोणती आणि जाति कोणती हेंही केवळ शब्दांच्या क्रमावरून कळतें. म्हणून मराठींत शास्त्रीय नांव लिहितांना दोन्ही शब्द क्रमानें आणि पूर्ण लिहिणें, त्यांचें भाषांतर न करणें, आणि एकाच लेखांत एकच उच्चार कायम ठेवणें हीं तीन पथ्यें पाळावीं लागतात. 'थंडीचा माकूल' हें अर्थ सांगण्यास उत्तम, पण तें शास्त्रीय नांव नव्हे.

इतका काथ्याकूट कशासाठीं, असा प्रश्न येथें साहजिकच उभा राहतो. नांवानें चव बदलत नाहीं. मग गिरगांवांतील गृहिणीला एका 'आय'शीं काय कर्तव्य? ह्याचें उत्तर स्वयंपाकघरांत नसून धक्क्यावर आहे. १८७५ सालीं बांधलेला कुलाब्याचा ससून डॉक आणि माझगांवजवळचा भाऊचा धक्का येथें उतरणारी मासळी ही नुसती विक्रीची वस्तु नाहीं. ती समुद्राच्या प्रकृतीचा दाखलाही आहे. १९४७ सालीं स्थापन झालेली केंद्रीय सागरी मत्स्यसंशोधन संस्था देशांतील धक्क्यांवर उतरणाऱ्या मासळीची जातवार नोंद ठेवते. समजा, धक्क्यावरील वहींत नुसतें 'माकूल' असें लिहिलें, आणि एका वर्षीं स्क्विड निम्मा झाला पण कटलफिश तितकाच वाढला. तर वहींतील बेरीज हालणार नाहीं, आणि समुद्रांत घडलेली गोष्ट कागदावर घडलीच नाहीं असें होईल. माकुलाच्या बाबतींत ही चूक विशेष महाग पडते. मुंबईचा माकूल साधारण वर्षभराचाच पाहुणा असतो. अंडीं घालून तो मरतो. माशांच्या कांहीं जातींत जशा अनेक पिढ्या एका वेळीं समुद्रांत असतात, तशी शिल्लक येथें नसते. आजची पिढी अंडीं घालण्यापूर्वींच जाळ्यांत आली, तर उद्यांचें जाळें भरण्यास मागें कोणी उरत नाहीं.

ह्याच बाजारांतील पापलेटाची गोष्ट अधिक बोलकी आहे. मुंबईकरांच्या ह्या लाडक्या माशाला अनेक वर्षें 'पँपस अर्जेंटियस' म्हणजे 'रुपेरी पँपस' असें म्हणत आले. पुढें अंगाची मोजमापें आणि आनुवंशिक द्रव्य तपासून संशोधकांनीं दाखविलें कीं भारतीय किनाऱ्यावरचा हा मासा पूर्वेकडील अर्जेंटियसपासून निराळा आहे. कुव्हियेनें १८२९ सालीं दिलेलें आणि पुढें विस्मृतींत गेलेलें 'कँडिडस', म्हणजे शुभ्र, हें नांव २०१९ सालीं त्यांनीं पुन्हां वर काढलें. हा केवळ शब्दांचा खेळ नव्हे. मासा कोणत्या आकाराचा झाला म्हणजे अंडीं घालतो, हें दूरच्या समुद्रांतील दुसऱ्या जातीवरून ठरविलें, तर येथील नियम चुकीच्या मापानें बेतले जातील. २०२३ सालीं महाराष्ट्र शासनानें ५४ जातींच्या मासळीसाठीं पकडण्याचें किमान आकारमान ठरवून दिलें. अशा नियमाला जीव येतो तो नांव नेमकें असल्यानेंच. 'लहान मासे पकडूं नयेत' ह्या उपदेशाला माप नसतें, नांवाला लावतां येतें.

प्रयोगशाळेंतही हीच गोष्ट. ज्ञानतंतूंतून संदेश कसा वाहतो, ह्या शोधासाठीं हॉजकिन आणि हक्सली ह्या इंग्रज शास्त्रज्ञांना १९६३ सालीं नोबेल पारितोषिक मिळालें. त्यांचें काम इंग्लंडच्या किनाऱ्यावरील थंड पाण्यांत मिळणाऱ्या 'लोलिगो फोर्बेसी' ह्या माकुलाच्या नुसत्या डोळ्यांना दिसेल अशा जाड ज्ञानतंतूवर झालें. एडवर्ड फोर्ब्स ह्या निसर्गशास्त्रज्ञाचें स्मारक असलेलें हें नांव; त्याच्याही शेवटीं 'आय' एक कीं दोन, हा तोच घोळ. पण तो प्रयोग दुसऱ्या कोणा देशांत कोणी पुन्हां करावयाचा म्हटला, तर 'माकूल' म्हणून भागत नाहीं. कोणता माकूल, हें सांगणारे दोन शब्द लागतात.

ह्याचा अर्थ कोळिणीचें नांव कमी दर्जाचें असा मुळींच नाहीं. पोट कसें कापावें, शाईची पिशवी न फोडतां कशी काढावी, पातें कोठून ओढावें, कोणता माकूल कोवळा आणि कोणता रबरासारखा चिवट होईल, हें सर्व ज्ञान 'माकूल' ह्या शब्दाच्या पोटांत आहे आणि तें लॅटिन नांवांत नाहीं. उलट हाच प्राणी तांबड्या समुद्रापासून दक्षिण चीनच्या समुद्रापर्यंत पसरलेला आहे, आणि त्या सर्व किनाऱ्यांवरील माणसांना एका वाक्यांत एकत्र आणण्याचें काम लॅटिन नांव करतें आणि तें कोळिणीच्या शब्दाला करतां येत नाहीं. शहाण्या मनुष्यानें दोन्ही नांवें जवळ बाळगावींत.

तेव्हां पुढच्या खेपेस पाटीपुढें उभ्या राहिलेल्या गृहिणीनें सुरीखालून निघणाऱ्या वस्तूकडे पाहावें. खडू निघाला तर तो समुद्रफेनाचा धनी. पारदर्शक पातें निघालें तर तो बहुधा द्यूवोसेलचा माकूल. घरीं परतल्यावर मुलानें शास्त्रीय नांव विचारलें, तर तिला उत्तर देतां येईल, आणि दूर दक्षिणेस बर्फाच्या कडेला ह्याचाच एक थंडीचा नातेवाईक राहतो, हेंही सांगतां येईल. मग मुलाला वाटेल तर त्यानें कलमारी म्हणावें, आजीनें म्हाकूल म्हणावें. कढींत काय आहे, हें मात्र आतां सर्वांना सारखेंच ठाऊक असेल.